खालसाच्या उलट काय?

इतिहासाच्या तासाला एका मुलाने मला निरुत्तर केले, तिथून या लेखाची सुरुवात आहे.

धडा डलहौसीचा होता. सातारा १८४८, नागपूर १८५४, झाशी १८५४, अशी खालसा झालेल्या संस्थानांची यादी मी फळ्यावर लिहीत होतो. मागच्या बाकावरचा एक मुलगा उभा राहिला. "गुरुजी, मुलूख घेतला की खालसा केला म्हणायचं. मग घेतलेला परत दिला तर त्याला काय म्हणायचं?"

मी म्हणालो, "परत दिला म्हणायचं."

"ते झालं हो, पण खालसासारखा शब्द?"

तास संपल्याची घंटा झाली म्हणून मी सुटलो. मी मॅट्रिकवर थांबलेला शाळामास्तर. पण गेली पंधरा-वीस वर्षे कादंबऱ्या लिहितो आहे, म्हणजे शब्दांच्या जिवावरच माझा दुसरा संसार चालला आहे. अशा माणसाला सातवीतल्या पोराने शब्द विचारावा आणि तो सापडू नये, ही गोष्ट मनाला लागली. शिवाय आमची शाळा नळदुर्गाच्या मुलखातली. हा मुलूखच एकदा घेतला गेला होता आणि परतही दिला गेला होता. म्हणजे पोराने नकळत आपल्या गावचाच प्रश्न विचारला होता.

आधी 'खालसा' हाच शब्द पाहू. तो मुळात अरबी; अर्थ शुद्ध, निर्भेळ. आपल्याकडे मुसलमानी अमलापासून पेशवाईपर्यंत ज्या जमिनीचा वसूल मध्ये कोणी वाटेकरी न राहता थेट सरकारात जाई ती खालसा. ज्या गावाचा वसूल इनामदाराकडे लावून दिलेला असे ते दुमाला. ही जोडी आजही गावांच्या पाट्यांवर नांदते आहे. कोल्हापुराजवळ सडोली खालसा आणि सडोली दुमाला आहेत, संगमनेर तालुक्यात आंबी खालसा आणि आंबी दुमाला आहेत. इनामदार गेले, वसुलाची ती रीत गेली, पण नाव काही गेले नाही.

तेव्हा जुन्या दप्तरी भाषेत खालसाच्या उलट शब्द नव्हता असे नाही. सरकारने गाव जप्त केले आणि पुढे मर्जी फिरली, तर जप्ती मोकळी करून गाव पुन्हा दुमाला करून देत. मुलाला हेच सांगून मोकळे व्हावे असे माझ्या मनात आले. पण रात्री अंथरुणावर पडल्यावर यातली खोच ध्यानात आली. दुमाला कोण करून देतो? ज्याची जमीन आहे तो. आणि खालसा कोण करतो? तोही ज्याची जमीन आहे तोच! 'खालसा' या शब्दातच असे गृहीत आहे, की जमीन मुळात सरकारची. मध्ये इनामदार होता, तो दूर केला, एवढेच. मग 'साताऱ्याचे राज्य खालसा झाले' असे आपण लिहितो, तेव्हा शिवछत्रपतींच्या वंशजाला आपण ईस्ट इंडिया कंपनीचा इनामदार ठरवतो की काय? डलहौसीचा युक्तिवाद तरी दुसरा कोणता होता? साताऱ्याचे राज्य १८१९ च्या तहाने आम्हीच निर्माण केले, औरस वारस नाही, सबब ते आमच्याकडे परत आले, हेच तर त्याचे म्हणणे होते. आमच्या पाठ्यपुस्तकांनी निषेध डलहौसीचा केला, पण शब्द त्याच्याच सोयीचा ठेवला. मीही वर्षानुवर्षे तोच फळ्यावर लिहीत आलो.

साताऱ्याच्या बाबतीत उलट शब्दाची गरजच पडली नाही, हे दुर्दैव. प्रतापसिंह महाराजांना १८३९ साली पदच्युत करून काशीला पाठवले. त्यांची बाजू मांडायला रंगो बापूजी गुप्ते विलायतेस गेले आणि १८५३ पर्यंत तिथे झगडत राहिले. त्यांचा झगडा चालू असतानाच महाराज १८४७ साली काशीत वारले. पुढच्याच वर्षी गादीवर बसवलेले त्यांचे बंधू शहाजीराजेही वारले आणि राज्यच गेले. रंगो बापूजी रिकाम्या हातांनी परतले. १८५७ च्या धामधुमीत त्यांच्या मुलाला फाशी झाली आणि ते स्वतः जे नाहीसे झाले ते कायमचे.

साताऱ्याला जे मिळाले नाही ते म्हैसूरला मिळाले. १८३१ साली बेंटिंकने कृष्णराज वडियार यांच्या हातून कारभार काढून घेतला. तेव्हापासून १८६८ साली मरेपर्यंत सदतीस वर्षे हा राजा आपला कारभार परत मागत राहिला. त्याने १८६५ साली दत्तक घेतला. त्या दत्तकाला राज्य द्यावे असे १८६७ साली लंडनमध्ये ठरले, आणि मुलगा वयात आल्यावर २५ मार्च १८८१ रोजी चामराजेंद्र वडियार यांच्या हाती राज्य आले. बरोबर पन्नास वर्षे! इंग्रजांनी या घटनेला नाव दिले 'रेंडिशन'. पण हे राज्य फुकट परत आले नाही. सालीना साडेचोवीस लाखांची खंडणी पस्तीस लाखांवर नेण्याचे ठरले, आणि बंगळूरची छावणी इंग्रजांनी आपल्याकडेच ठेवली. ती छावणी म्हैसूरला मिळाली १९४७ साली, स्वातंत्र्याच्या तोंडावर. त्या वेळी शब्द आला 'रेट्रोसेशन'.

आता या 'रेंडिशन' शब्दाची एक गंमत पाहा. पळून गेलेला आरोपी एका सरकारने दुसऱ्याच्या स्वाधीन केला, तरी इंग्रजीत त्याला रेंडिशन म्हणतात. आपल्याकडे मुलूख परत देण्यासाठी संस्कृतातून 'प्रत्यर्पण' हा शब्द सुचतो, तर तोही वर्तमानपत्रांनी फरारी आरोपींसाठी राखून ठेवला आहे. दोन भाषांनी न ठरवता एकच गोष्ट केली. आधी मला हसू आले. मग वाटले, यात चुकले काय? आरोपी आणि मुलूख या दोघांनाही 'तुला कुठे जायचे आहे' असे कोणी विचारत नाही.

हे मी नुसते कोटीखातर लिहीत नाही. आमच्या नळदुर्गाचेच पाहा. निजामाकडे कंपनीच्या कंटिंजंट फौजेचा खर्च थकला. त्या थकबाकीपोटी आणि पुढच्या खर्चासाठी मे १८५३ च्या तहाने तीन मुलूख इंग्रजांच्या ताब्यात गेले: वऱ्हाड, रायचूर दुआब आणि आमचा धाराशिव-नळदुर्गाचा पट्टा. नळदुर्गावर अधिकारी म्हणून आला मेडोज टेलर. ठगांवरची कादंबरी लिहिणारा तोच. त्याने इथे रस्ते, तळी, जमिनीची मोजणी ही कामे हाती घेतली, आणि पुढे १८६३ मध्ये 'तारा' ही कादंबरी लिहिली तिच्यात आमचे तुळजापूर आणले. परका अधिकारी खरा, पण त्याने आमची आई भवानी पाहिली होती, एवढे मी कादंबरीकाराच्या भाऊबंदकीने मान्य करतो.

पुढे १८५७ आले. हैदराबाद इंग्रजांच्या बाजूने राहिले. त्याची बक्षिसी म्हणून १८६० च्या तहाने पन्नास लाखांचे कर्ज माफ झाले, धाराशिव-नळदुर्ग आणि रायचूर दुआब निजामाला परत मिळाले आणि वर सुरापूरचे संस्थानही त्याला दिले गेले. बदल्यात गोदावरीच्या डाव्या काठचा काही मुलूख इंग्रजांनी घेतला. टेलरने आयुष्याची उमेदीची वर्षे ज्या दोन जागी घातली, त्या सुरापूर आणि नळदुर्ग, दोन्ही एकाच तहाने निजामाकडे गेल्या. आणि त्याच वर्षी त्यानेही हिंदुस्थान सोडले.

वऱ्हाड मात्र परत मिळाले नाही. तिथे तर 'खालसा' म्हणायचीही सोय नव्हती. कागदावर मालकी निजामाची आणि कारभार इंग्रजांचा, म्हणून नाव 'असाइन्ड डिस्ट्रिक्ट्स', नेमून दिलेले जिल्हे. सालारजंग त्यासाठी १८७६ साली विलायतेपर्यंत जाऊन आला. १९०२ साली कर्झनने सालीना पंचवीस लाखांवर वऱ्हाडचा कायमचा पट्टा करून घेतला. पुढच्या निजामाने १९२३ साली पुन्हा मागणी केली. १९२६ साली व्हाइसरॉय रेडिंगने ती साफ धुडकावली. शेवटी १९३६ च्या करारात निजामाची मालकी तोंडाने कबूल केली आणि त्याच्या युवराजाला 'प्रिन्स ऑफ बेरार' ही पदवी दिली. मुलूख नाही, पदवी! त्र्याऐंशी वर्षे या वादात कागद काळे झाले, पण अकोल्या-अमरावतीच्या कुणब्याला कोणाकडे राहायचे आहे हा प्रश्न दोन्ही बाजूंच्या तहनाम्यांत कुठेच नाही.

विचारले म्हणजे सगळे बरोबर होते असेही नाही. अमेरिकेत पोटोमॅक नदीच्या पलीकडचे अलेक्झांड्रिया हे गाव राजधानीच्या प्रदेशासाठी व्हर्जिनियाने दिले होते. ते १८४६-४७ मध्ये व्हर्जिनियाला परत गेले. शब्द हाच, रेट्रोसेशन. तिथे मतदान झाले आणि बहुमत परत जाण्याच्या बाजूने पडले. पण मत होते गोऱ्या पुरुषांना. अलेक्झांड्रियात गुलामांचा मोठा बाजार भरे. व्हर्जिनियाच्या कडक कायद्याखाली जाण्याची धास्ती ज्या काळ्या लोकांना होती, त्यांना मत नव्हते. १८५० साली राजधानीत गुलामांचा व्यापार बंद झाला. अलेक्झांड्रिया तोवर हद्दीबाहेर गेले होते.

आता माझी स्वतःची एक चूक सांगतो आणि आटोपते घेतो. माझ्या हाती सध्या एक कादंबरी आहे, १८६० च्या सुमाराच्या नळदुर्गाची. तिच्यात मी एक प्रसंग रंगवला होता. मुलूख परत मिळाल्याची दवंडी पिटते, गावकरी बोरी नदीच्या काठी जमतात आणि म्हातारा पाटील म्हणतो, "मुलूख सुटला!" हे वाक्य मला फार आवडले होते, मित्रमंडळींत मी ते दोनदा वाचूनही दाखवले होते.

त्या मुलाच्या प्रश्नानंतर ते पान पुन्हा काढले आणि स्वतःलाच विचारले: सुटला तो कोणाच्या हातून कोणाच्या हाती? टेलरच्या मोजणीने ठरलेला सारा पुढे तसाच राहणार की जुना तालुकदार पुन्हा दारात उभा राहणार, हे त्या पाटलाला ठाऊक होते का? त्याला आनंद झाला की धास्ती वाटली? माझ्याजवळ उत्तर नव्हते. माझ्या पाटलाच्या तोंडी मी जो आनंद घातला होता तो निजामाच्या दिवाणखान्यातला होता, बोरीच्या काठचा नव्हता. 'परत' या शब्दाने मला फसवले होते. परत म्हटले की न्याय झाला असे वाटते. चोरीचा माल धन्याला मिळाला, संपले. पण मुलूख म्हणजे पितळेची घागर नव्हे. त्यात माणसे असतात, आणि घेणारा व देणारा दोघेही त्यांना घागरीतल्या पाण्यासारखे धरून चालतात.

या मुलखाच्या तोंडी खरा शब्द आला तो १७ सप्टेंबर १९४८ ला. त्या दिवसाला आम्ही 'मुक्ती' म्हणतो. खालसा नाही, प्रत्यर्पण नाही, विलीनीकरण हे कागदोपत्री. त्या दिवसांचीही दुखणी आहेत. त्या धामधुमीत इथली निरपराध मुसलमान घरेही होरपळली, हे विसरून तो शब्द उच्चारू नये. तरीसुद्धा हा शब्द तहनाम्यातून आला नाही, तुरुंगात गेलेल्या आणि सरहद्दीवरच्या कॅम्पांत राहिलेल्या माणसांकडून आला, म्हणून तो टिकला. पुढे गावाचे नावही फिरले. धाराशिवचे उस्मानाबाद झाले होते, ते २०२३ साली पुन्हा धाराशिव झाले. त्यालाही कोणी 'परत' म्हणाले, कोणी 'बदल' म्हणाले. शब्दावरून बोलणारा कुठे उभा आहे ते कळते.

दुसऱ्या आठवड्यात मी वर्गात त्या मुलाला उभे केले आणि सांगितले, "बाळ, खालसाच्या उलट एकच एक शब्द नाही. दप्तरात 'दुमाला' आहे, साहेबाचे 'रेंडिशन' आहे, पंडितांचे 'प्रत्यर्पण' आहे. यातला कोणताही वाचलास की तीन प्रश्न विचारायचे. कोणी दिला? कोणाला दिला? आणि तिथल्या लोकांना विचारले का?"

त्याने तिन्ही प्रश्न वहीत उतरून घेतले. मग मान वर करून म्हणाला, "गुरुजी, आपल्या नळदुर्गाला विचारलं होतं का?"

"नाही," मी म्हणालो.

या वेळी घंटा व्हायला अवकाश होता. घरी आल्यावर कादंबरीतले ते वाक्य मी खोडले. आता दवंडी होते, लोक जमतात, आणि पाटील शेजाऱ्याला एवढेच विचारतो, "आता सारा कुठं भरायचा रे?"

मित्रांना हे वाक्य तितकेसे आवडले नाही. मी मात्र ते ठेवणार आहे.