ऊर्वस्थीचे विकृत सांधण : निदानसंकेतन

मांडीचे हाड, म्हणजेच ऊर्वस्थी, मोडल्यानंतर त्याचे तुकडे जुळून आले खरे, परंतु जुळताना मूळ रेषा सोडून वाकले, पिळले गेले किंवा एकमेकांवर चढून आखूड झाले, तर त्या स्थितीस विकृत सांधण म्हणतात; आणि रुग्णालयाच्या दप्तरात ही स्थिती ठराविक अक्षरांकांनी नोंदविण्याची जी पद्धती आहे, ती निदानसंकेतन होय. हाड मुळीच न जुळणे आणि जुळण्यास अवाजवी विलंब लागणे या तिच्या शेजारच्या दोन स्थिती असून संकेतनात तिहींची खाती स्वतंत्र ठेवलेली आहेत.

मांडीभोवतीचे स्नायू शरीरातील अत्यंत बलिष्ठ स्नायूंपैकी असल्यामुळे, हाड मोडताच ते तुटलेल्या टोकांना आपापल्या दिशेने ओढू लागतात : वरच्या भागात भंग झाला असता वरचा तुकडा पुढे व बाहेर वळतो, गुडघ्याजवळ झाला असता पोटरीचा स्नायू खालच्या तुकड्यास मागे झुकवितो, आणि मध्यभागी झाला असता तुकडे एकमेकांवर सरकून पाय आखूड होतो. वजन लावून पाय ताणून ठेवणे हाच मुख्य उपाय होता तोपर्यंत थोडेफार वाकडेपण पुष्कळदा गृहीतच धरले जाई. जर्मनीतील कील येथे गेरहार्ड क्युंटशर यांनी १९३९ साली हाडाच्या पोकळीत धातूची सळई घालण्याची शस्त्रक्रिया प्रचारात आणली, तेव्हापासून मध्यदंडाच्या भंगातील वाकडेपणाला मोठा आळा बसला. मात्र सळई घालतानाच पाय पिळलेला राहिला तर तो दोष एक्स-रे चित्रात सहज दिसत नाही आणि रुग्ण चालू लागल्यावरच ध्यानात येतो. सर्वसाधारणपणे १५ अंशांहून अधिक पीळ किंवा २ सेंटिमीटरहून अधिक आखूडपणा उपेक्षणीय मानीत नाहीत. लहान मुलांत वाकलेले हाड वाढीबरोबर बरेचसे सरळ होते. पिळाच्या बाबतीत निसर्ग इतका उदार नाही.

रोगांच्या आंतरराष्ट्रीय वर्गीकरणाचा उगम जाक बर्तियों यांनी १८९३ मध्ये शिकागो येथील सांख्यिकी परिषदेपुढे मांडलेल्या मृत्युकारणांच्या यादीत आहे. पाय वाकडा जुळल्याने कोणी मरत नसल्यामुळे अशा यादीत या व्याधीला फारसे स्थान नव्हते. १९४८ च्या सहाव्या आवृत्तीपासून जागतिक आरोग्य संघटनेने मृत्यूबरोबर आजारांचीही नोंद अंगीकारली, तेव्हा तिच्यासाठी दार उघडले. अमेरिकेत दीर्घकाळ अंमलात असलेल्या नवव्या आवृत्तीच्या रूपात विकृत सांधणासाठी ७३३.८१ हा एकच अंक होता, आणि तो मनगटाचा की मांडीचा याचा उलगडा त्यावरून होत नसे. संघटनेच्या दहाव्या आवृत्तीत एम ८४.० हे कलम असून स्थानदर्शक पाचवा अंक जोडल्यास एम ८४.०५ म्हणजे कटी व मांडी या प्रदेशातील विकृत सांधण असे निष्पन्न होते. उजवी-डावी ही बाब तेथेही अनुक्तच राहते.

१ ऑक्टोबर २०१५ पासून अमेरिकेत सक्तीने लागू झालेल्या, याच दहाव्या आवृत्तीच्या आयसीडी-१०-सीएम या विस्तारित रूपाने मात्र दृष्टीच पालटली. तेथे एम ८४.० हे कलम काढून टाकलेले आहे, आणि विकृत सांधण हा निराळा रोग न मानता मूळ अस्थिभंगाच्या चरित्रातील एक अवस्था मानलेली आहे. ऊर्वस्थीच्या भंगाचा वर्ग एस ७२ हा होय. त्यात शून्य हा अंक शीर्ष व ग्रीवा यांचा, १ व २ हे त्याखालील उंचवट्यांच्या परिसराचे, ३ मध्यदंडाचा, ४ गुडघ्याकडील टोकाचा. पुढील अंकांनी भंगाची रेषा, तुकडे सरकले की नाहीत आणि पाय कोणता हे सांगितले जाते. आणि सातव्या स्थानी येणारे अक्षर सांधणाची गती कळविते. पी हे अक्षर बंद भंगाच्या विकृत सांधणाचे, क्यू हे गस्टिलो वर्गीकरणातील पहिल्या वा दुसऱ्या प्रकारच्या उघड्या भंगाचे, आणि आर हे तिसऱ्या प्रकारच्या उघड्या भंगाचे. तेव्हा एस ७२.३२१पी एवढ्या अक्षरांकांचा अर्थ, उजव्या ऊर्वस्थीच्या मध्यदंडाचा सरकलेला आडवा बंद भंग, पुढील उपचारभेट, विकृत सांधणासह, असा संपूर्ण वाक्याएवढा होतो. सहा स्थाने भरण्याइतका तपशील कलमातच नसेल तर रिकाम्या जागी एक्स घालतात, जसे एस ७२.९१एक्सपी, पण असा संकेतांक वापरणे म्हणजे वैद्याचा शेरा अपुरा असल्याची कबुलीच होय.

इतक्या बारकाईच्या या व्यवस्थेत एक मोठी उणीव आहे, ती अशी की हाड कसे मोडले हे ती सविस्तर सांगते, परंतु वाकडे कसे जुळले याविषयी अक्षरही उच्चारीत नाही. दहा अंश बाहेर झुकलेली मांडी आणि तीस अंश पिळलेली मांडी या दोहोंना पी हे एकच अक्षर. शल्यचिकित्सकाला हाड पुन्हा कापून सरळ करताना जे मोजमाप हवे असते ते संकेतांकात नसते, आणि जी आडवी-तिरपी भंगरेषा काळाच्या ओघात पुसून गेलेली असते तिची नोंद मात्र वर्षानुवर्षे वाहून न्यावी लागते. विमा कंपनीच्या हिशेबाला ही रचना सोयीची असेल. विकृतीच्या अभ्यासकाला ती अर्धीच उपयोगी आहे. आखूडपणा वेगळा नोंदवावयाचा तर एम २१.७५१ (उजवी) किंवा एम २१.७५२ (डावी) या कलमांचा आधार घ्यावा लागतो, आणि तो जुन्या भंगाचा उत्तरपरिणाम म्हणून दाखवावयाचा असल्यास प्रथम परिणामाचा संकेतांक व नंतर एस हे सातवे अक्षर लावलेला मूळ भंगाचा संकेतांक, असा क्रम पाळावा लागतो.

पुणे, नवी मुंबई येथील कार्यालयांत बसून अमेरिकन रुग्णालयांची कागदपत्रे तपासणारे मराठी मेडिकल कोडर या कलमांशी नित्य झगडतात. (भारतातील सरकारी आरोग्यनोंदींसाठी जागतिक संघटनेची मूळ आवृत्ती आधारभूत असल्याने, तेच कर्मचारी येथील रुग्णाची नोंद निराळ्या नियमाने करतील.) नवख्याची सर्वांत सामान्य चूक अशी की, वाकडे हाड कापून प्लेट बसविण्याची मोठी शस्त्रक्रिया पाहून तो चालू उपचाराचे ए हे अक्षर लावतो; पण नियम असा की, उपचार कितीही मोठा असो, विकृत सांधणासारख्या उपद्रवासाठी पुढील भेटीचेच अक्षर वापरावे. मूळ अस्थिभंगावर उपचार घेण्यासच रुग्णाने विलंब केला असेल, तेथे मात्र प्रारंभिक भेटीचे अक्षर विहित आहे. भंग उघडा की बंद हे लिहिलेले नसेल तर तो बंद समजावा, आणि तुकडे सरकले की नाहीत हे नसेल तर सरकले असे समजावे, हेही दोन संकेत ठरलेले आहेत. अस्थिसुषिरतेने ग्रासलेल्या वृद्धेची मांडी, निरोगी हाड मोडले नसते अशा किरकोळ पडण्याने मोडून वाकडी जुळली, तर एस ७२ हा वर्ग सोडून एम ८० कडे जावे लागते. मुलांच्या वाढपट्टीचे भंग एस ७९ मध्ये जातात, आणि तेथे उघड्या भंगाची अक्षरे नसल्यामुळे विकृत सांधणासाठी पी हे एकटेच उरते.