समच्छेद

पिकाची तिजाई एकाची आणि चौथाई दुसऱ्याची, तर दोघांची मिळून किती? भिन्न छेदांच्या अपूर्णांकांचा प्रश्न मुळात असा वाटणीतून उठतो. तुकडे सारख्या मापाचे नसतील, तर त्यांची बेरीज होत नाही. आधी छेद सारखे करावे लागतात. आमच्या गणितशास्त्राने या कृतीला 'समच्छेद' असे समर्पक नाव दिले आहे.

राष्ट्रकूट राजा अमोघवर्ष याच्या काळी, नवव्या शतकात, महावीराचार्याने 'गणितसारसंग्रहा'त लघुतम सामाईक छेद काढण्याची रीत सांगून त्यास 'निरुद्ध' म्हटले. पुढे 1150 मध्ये भास्कराचार्याने 'लीलावती' रचली. एक चतुर्दशांशातून एक त्रेसष्टांश वजा करण्याचे त्यातील उदाहरण पाहण्यासारखे आहे. छेदांचा सरळ गुणाकार केला तर 882 येतात; परंतु सातांनी अपवर्तन केले की 126 पुरतात आणि उत्तर एक अष्टादशांश मिळते. 1207 मध्ये यादवांच्या राजवटीत, भास्कराचार्याचा नातू चांगदेव याने स्थापिलेल्या मठास, त्याच्या ग्रंथांच्या अध्ययनासाठी दान मिळाले. चाळीसगावजवळील पाटण्याचा शिलालेख त्याची साक्ष देतो.

बाजारातल्या माणसाला मात्र संस्कृत सूत्र कोठून ठाऊक असणार? त्याचे काम मापांनीच केले. बारा पायल्यांचा मण घ्यावा: तिजाई म्हणजे चार पायल्या, चौथाई म्हणजे तीन, बेरीज सात पायल्या, अर्थात सात द्वादशांश. रुपयाचेही तसेच. सोळा आणे आणि आण्याच्या बारा पै, म्हणजे एकूण 192 पै. त्याची तिजाई पाच आणे चार पै, चौथाई चार आणे. दोन्ही मिळून नऊ आणे चार पै. समच्छेद जणू नाण्यातच ओतलेला होता! जोडीला पावकी, निमकी, सवायकी, दिडकी यांचे पाढे होतेच.

या व्यवस्थेला दुसरी बाजूही होती. वजनाचा मण चाळीस शेरांचा. त्याची तिजाई नीट निघत नसे. शिवाय शेर गावोगाव निराळा. बदलीच्या निमित्ताने मुलूख पालथे घालणाऱ्या आमच्या वाचकांस हे सांगावयास नको की, ज्याला दुसऱ्या गावचे माप कळत नाही तोच तेथे नाडला जातो. 1956 चा वजनमापांचा कायदा आणि 1 एप्रिल 1957 पासूनचे दशमान नाणे यांनी साऱ्या देशाला एक छेद दिला. त्यात तिजाईचे घर गेले खरे, कारण शंभराचे तीन सारखे भाग होत नाहीत. पण अडाणी गिऱ्हाइकाच्या पदरात न्याय पडला. आमच्या मते हा सौदा तोट्याचा नव्हे.

पै गेली, आणा गेला, 2011 मध्ये पावलीही चलनातून गेली. तरीही खात्रीची गोष्ट आपण आजही 'सोळा आणे' खरी म्हणतो. माप बदलले, तरी पूर्णत्वाची जुनी खूण भाषेने जपून ठेवली आहे.