मेळघाटातील डिजिटल आरोग्य व शिक्षण सेवा

महाराष्ट्राच्या अमरावती जिल्ह्यातील चिखलदरा व धारणी हे तालुके मेळघाट म्हणून ओळखले जातात. या भागातील हरिसाल हे गाव २०१६ मध्ये देशातील पहिले 'डिजिटल ग्राम' म्हणून घोषित झाले. त्यानिमित्ताने दुर्गम भागातील डिजिटल सुविधा आणि त्यांचा प्रत्यक्ष लाभ यांतील अंतर चर्चेत आले.

पार्श्वभूमी

सिपना नदीकाठचे सेमाडोह (ता. चिखलदरा) आणि हरिसाल (ता. धारणी) ही गावे परतवाडा–धारणी मार्गावर आहेत. सेमाडोहचा परिसर मेळघाट व्याघ्र प्रकल्पात मोडतो. वनजमिनीवर मनोरा उभारण्यासाठी वा केबल टाकण्यासाठी वन (संरक्षण एवं संवर्धन) अधिनियम, १९८० अन्वये परवानगी घ्यावी लागते. बालमृत्यू व कुपोषणामुळे येथे वैद्यकीय सेवेची निकड मोठी आहे.

हरिसाल प्रकल्प

राज्य शासन व मायक्रोसॉफ्ट यांनी हा प्रकल्प राबवला. दूरचित्रवाणीच्या वापरात नसलेल्या रिकाम्या रेडिओ-लहरींवरून इंटरनेट पोहोचवण्याचे तंत्र येथे योजले गेले. कमी वारंवारतेच्या या लहरी झाडी व चढउतारांतून वाय-फायपेक्षा दूरवर जातात. दूरवैद्यक सेवा व डिजिटल वर्ग हे प्रकल्पाचे प्रमुख भाग होते. २०१९ च्या लोकसभा निवडणूक प्रचारात राज ठाकरे यांनी चित्रफिती दाखवून येथील सुविधांविषयीच्या दाव्यांवर टीका केली. भारतीय जनता पक्षाने ती फेटाळली.

समन्यायी उपलब्धतेचे प्रश्न

'ई-संजीवनी' या राष्ट्रीय सेवेचे दोन प्रकार आहेत. एकात रुग्ण स्वतःच्या मोबाइलवरून डॉक्टरांशी बोलतो. दुसऱ्यात आरोग्य केंद्रातील कर्मचारी रुग्णाला तज्ज्ञांशी जोडून देतो. ज्याच्याकडे स्मार्टफोन नाही, त्याला दुसराच प्रकार उपयोगी पडतो. मात्र त्यासाठी केंद्रात वीज, नेटवर्क आणि कर्मचारी तिन्ही एकाच वेळी उपलब्ध असावे लागतात.

भाषा हा दुसरा अडसर आहे. येथील बहुसंख्य कोरकू समाजाची भाषा मुंडा गटातील असून मराठीशी तिचे कूळ जुळत नाही. त्यामुळे मराठी वा इंग्रजी ध्वनिचित्रफिती लहान मुलांना शिक्षकाच्या मदतीवाचून समजणे कठीण जाते.

मार्च २०२० मध्ये कोविडमुळे शाळा बंद झाल्यावर ऑनलाइन शिक्षणाची ही मर्यादा राज्यभर जाणवली. त्याच वर्षी दूरदर्शनच्या सह्याद्री वाहिनीवर 'टिलीमिली' ही शैक्षणिक मालिका सुरू झाली. तिला इंटरनेट लागत नसले, तरी घरी दूरचित्रवाणी संच व वीज आवश्यक होती.