सरनौबत आणि त्याची नौबत

‘आता दागिने गहाण ठेवायची नौबत आली’ असं आपण म्हणतो, तेव्हा कानात कुठलंही वाद्य वाजत नाही. नौबत म्हणजे वाईट वेळ, एवढाच अर्थ आज आपल्या बोलण्यात उरला आहे. चांगल्या गोष्टीची नौबत कुणावर येत नाही. लग्नाची तारीख ठरते, घर बांधायचा योग येतो, पण नौबत येते ती उपाशी झोपायची, हात पसरायची.

मूळ अरबी शब्दात मात्र हा कडवटपणा नाही. तिथे तो साधा आहे : पाळी, आळीपाळीने येणारी वेळ. पहारेकऱ्याची पाळी ती नौबत. पहारा बदलताना, ठरल्या घटकांना, राजवाड्याच्या दारावर मोठं नगाऱ्यासारखं वाद्य झडे, म्हणून पुढे त्या वाद्यालाच नौबत म्हणू लागले. ते ज्या माडीवर ठेवत तो नौबतखाना, म्हणजे आपला नगारखाना. याच धातूतून ‘नायब’ निघाला. दुसऱ्याच्या पाळीला उभा राहतो तो नायब, आणि त्याचंच अनेकवचन पुढे ‘नवाब’ झालं. तालुक्याच्या कचेरीतले नायब तहसीलदार आणि गोष्टीतले नवाब हे असे एकाच घरचे.

या नौबतीला फारसी ‘सर’ म्हणजे डोकं, प्रमुख, हे जोडलं की होतो सरनौबत. बहमनी दरबारात हा पहाऱ्याच्या फौजेवरचा हुद्दा होता. तिथून तो दख्खनभर पसरला आणि शिवकाळात घोडदळाच्या प्रमुखाचं नाव झाला. पंचवीस बारगिरांवर एक हवालदार, पाच हवालदारांवर जुमलेदार, दहा जुमल्यांवर हजारी, त्याच्यावर पंचहजारी, आणि या सगळ्यांच्या माथ्यावर सरनौबत. पायदळाचा सरनौबत वेगळा. येसाजी कंक तो.

नेताजी पालकर घोडदळाचे सरनौबत. जुन्या कागदांत त्यांचं नाव ‘नेतोजी’ असंही येतं. लोक त्यांना प्रतिशिवाजी म्हणत. मराठीत ‘प्रति’ लावून माणसाचा एवढा गौरव क्वचितच झाला असेल. अफजलखानाच्या वधानंतर त्याच्या छावणीवर तुटून पडलेल्या फौजेत नेताजी होते. त्यानंतरच्या वर्षांत आदिलशाही आणि मोगली मुलखात दूरदूर धडक मारणारं घोडदळ त्यांच्याच हाताखालचं.

मग आला जानेवारी 1666. पुरंदरच्या तहानंतर शिवाजी महाराज मोगलांचे सेनानी मिर्झाराजे जयसिंग यांच्या बाजूने विजापूरकरांशी लढत होते. पन्हाळ्यावर रात्री हल्ला झाला, तो फसला आणि पुष्कळ माणसं कामी आली. नेताजी वेळेवर पोचले नाहीत, म्हणून महाराजांनी त्यांचं सरनौबतपद काढून घेतलं. हे वाचताना मी दरवेळी त्या हुद्द्याच्या नावापाशी थांबतो. ज्या शब्दाच्या पोटातच ‘ठरलेली वेळ’ आहे, ते पद वेळ चुकल्यामुळे गेलं. त्या काळी कुणाला या अरबी मुळाची आठवण असेल असं नाही. पण हल्ल्याची रात्र ठरलेली असते, पुढच्या माणसांचे जीव मागून येणाऱ्या घोड्यांवर अवलंबून असतात, हे तेव्हाच्या साध्या शिपायालाही कळत होतं. महाराजांनी इतक्या जवळच्या माणसालाही सोडलं नाही, ते यासाठी.

पुढची दहा वर्षं वाचवत नाहीत. नेताजी आधी विजापूरकरांकडे गेले, मग लगेच मोगलांकडे. महाराज आग्र्याहून मोगलांच्या नजरकैदेतून निसटले आणि त्याची किंमत नेताजींनी मोजली : कैद, धर्मांतर, मुहम्मद कुलीखान हे नवं नाव, आणि घरापासून शेकडो कोस लांब, काबूलकडच्या मोहिमेवर रवानगी. 1676 साली ते परत आले आणि महाराजांनी त्यांना पुन्हा स्वधर्मात घेतलं. मला त्यांच्या साऱ्या मोहिमांपेक्षा हे परतणं मोठं वाटतं, आणि परत घेणं त्याहून मोठं.

ते परतले तेव्हा त्यांचं पद त्या नावाने उरलं नव्हतं. त्यांच्या जागी कडतोजी गुजर आले होते, प्रतापराव हा किताब घेऊन. ते 24 फेब्रुवारी 1674 रोजी नेसरीला पडले. मग त्यांच्या जागी आलेले हंसाजी मोहिते हंबीरराव झाले. त्यानंतर थोड्याच महिन्यांत, 6 जून 1674 रोजी रायगडावर राज्याभिषेक झाला आणि पदांची नावं बदलली. पेशवा मुख्यप्रधान झाला, मुजुमदार अमात्य, डबीर सुमंत, आणि सरनौबत सेनापती. पुढे रघुनाथ पंडितांच्या राज्यव्यवहारकोशाने दरबारी भाषेतल्या किती तरी शब्दांना असेच संस्कृत पर्याय दिले. माझ्या मते, गड बांधण्याइतकंच ते मोलाचं काम होतं.

पण शब्द हट्टी असतात. पहिल्या सेनापतीच्या ‘हंबीरराव’ या किताबातला हंबीर म्हणजे जुना हम्मीर, आणि हम्मीर हे अरबी ‘अमीर’चं संस्कृतात रुळलेलं रूप, असं अभ्यासक सांगतात. अमीर म्हणजे हुकूम देणारा, सेनानी. हे रूप महाराजांच्या कितीतरी शतकं आधी इथलं झालं होतं, इतकं की ते परकं आहे हे कुणाच्या मनातही येऊ नये.

सरनौबत शब्दही गेला नाही. दरबारातून तो उठला, पण गडागडावर हवालदार आणि सबनीस यांच्या जोडीला सरनौबत असेच. तो लहान हुद्दा, पण गावाजवळचा, घरातला, म्हणून तोच आडनावात उतरला असावा. बोलता बोलता ‘नौ’चा ‘नो’ झाला. 2018 च्या आशियाई स्पर्धेत 25 मीटर पिस्तुलात सुवर्णपदक जिंकणाऱ्या कोल्हापूरच्या राही सरनोबत यांचं आडनाव तेच. आणि कोल्हापूर शहराला लागूनच एक गाव आहे, सरनोबतवाडी. तिकडे जाणाऱ्या रिक्षात बसताना लोक तेवढंही म्हणत नाहीत. नुसतं ‘वाडी’ म्हणतात, आणि रिक्षावाल्याला कळतं.