कोबीवरील मोठे पांढरे फुलपाखरू

पिएरिस ब्रासिकी हे शास्त्रीय नाव असलेले मोठे पांढरे फुलपाखरू कोबी, फ्लॉवर, मुळा व मोहरी या पिकांचे शत्रू मानले जाते. त्याच्या पुढच्या पंखांची टोके काळी असतात. मादीच्या त्या पंखांवर दोन काळे ठिपकेही असतात.

मादी पानांवर पिवळसर अंडी पुंजक्याने घालते. अंड्यांतून निघालेल्या अळ्या प्रारंभी एकत्र राहतात, पुढे पांगतात आणि पानांच्या केवळ शिरा शिल्लक ठेवतात. पाच अवस्था पूर्ण झाल्यावर अळी बहुधा पीक सोडून भिंतीवर किंवा कुंपणावर कोषात जाते.

युरोप, उत्तर आफ्रिका व आशियात आढळणारे हे फुलपाखरू भारतात हिवाळ्यात उत्तरेकडील मैदानांत असते व उन्हाळ्यात हिमालयाकडे सरकते. न्यूझीलंडमधील नेल्सन येथे ते २०१० मध्ये आढळले. घरोघरच्या परसबागा तपासून तेथून त्याचे निर्मूलन करण्यात आले.

भोपाळ परिसरात कोबी, फ्लॉवर व मोहरी ही हिवाळी पिके असल्याने पाहणीचा काळही तोच. अंडी व लहान अळ्या एकाच पानावर सापडतात, म्हणून ते पान वेळीच खुडून नष्ट करणे हा बिनखर्चाचा उपाय ठरतो. अळ्या पांगल्यानंतर ही संधी राहत नाही. मरणासन्न अळीला लगटून असलेले रेशमी पिवळे कोष मात्र खुडू नयेत. ते कोटेशिया या परोपजीवी गांधीलमाशीचे, म्हणजे शेतकऱ्याच्या मित्रकीटकाचे असतात.