पर कुजण्याचा रोग आणि दिल्लीचे पाणी

२०१० च्या सप्टेंबरअखेरीस दिल्ली राष्ट्रकुल क्रीडास्पर्धांच्या धांदलीत होती. त्याच सुमारास, २६ सप्टेंबर ते १० ऑक्टोबर या पंधरवड्यात, शहराच्या मध्यापासून १२ किलोमीटरच्या परिघात रस्त्याकडेला साचलेल्या पाण्याचे १७१ आणि सार्वजनिक नळांच्या पाण्याचे ५० नमुने गोळा करण्यात आले. कार्डिफ विद्यापीठातील टिमथी वॉल्श आणि त्यांच्या सहकाऱ्यांनी केलेली ही तपासणी २०११ साली ‘लॅन्सेट इन्फेक्शस डिसीजेस’मध्ये प्रसिद्ध झाली. साचलेल्या पाण्याच्या ५१ आणि नळाच्या २ नमुन्यांत ‘एनडीएम-१’ हे जनुक सापडले. कार्बापेनेम गटातील, म्हणजे अगदी शेवटी राखून ठेवलेली प्रतिजैविके निकामी करणारे विकर या जनुकामुळे तयार होते. नावातील ‘एनडी’ म्हणजे नवी दिल्ली. त्या नावावरून बरेच वादंग माजले आणि त्या गदारोळात निष्कर्षांचा तपशील मागे पडला.

जनुक बाळगणाऱ्या जीवाणूंच्या यादीत एक नाव होते ‘एरोमोनास केव्ही’. एरोमोनास हे कुळ मत्स्यालय बाळगणाऱ्यांना चांगलेच ठाऊक असते. काचेच्या पेटीतील माशाच्या परांची कड आधी पांढुरकी होते, मग विरते, आणि काही दिवसांत परांच्या केवळ काड्या उरतात. यालाच ‘फिन रॉट’ म्हणतात. एरोमोनास, स्यूडोमोनास आणि फ्लेव्होबॅक्टेरियम ही त्यामागची नेहमीची कुळे. ती पाण्यात बहुधा असतातच. अमोनिया साचला, गर्दी झाली किंवा तापमान एकाएकी बदलले, की माशाची त्वचा दुबळी होते आणि त्यांना वाट मिळते.

या रोगांचा अभ्यास शोभेच्या माशांपासून सुरू झाला नाही. जर्मनीत एमेरिख आणि वाइबेल यांनी १८९४ साली ट्राउट माशांतील गळवांच्या रोगाचा जीवाणू वर्णिला. पुढे अमेरिकेतील आयोवा राज्यात, फेअरपोर्ट येथे, एच. एस. डेव्हिस यांना आजारी माशांच्या त्वचेवर जीवाणूंच्या स्तंभासारख्या राशी दिसल्या. १९२२ साली त्यांनी त्या रोगाचे वर्णन केले आणि जीवाणूच्या नावात ‘कॉलम्नॅरिस’ हा शब्द आला. त्याला प्रयोगशाळेत वाढवायला मात्र १९४४ साल उजाडले. मधल्या काळात उपचार होते ते रंगांचे. १८७६ साली कापड रंगवण्यासाठी तयार झालेले मिथिलीन ब्लू आणि पॉल एर्लिख यांच्या प्रयोगशाळेतून आलेले अॅक्रिफ्लेव्हिन, दोन्ही मूळची माणसांसाठी तपासलेली औषधे. आजही ती मत्स्यालयाच्या दुकानांत बाटलीतून मिळतात.

दुसऱ्या महायुद्धानंतर चित्र पालटले. १९४६ साली गुट्सेल यांनी ट्राउटमधील त्याच गळवांच्या रोगावर सल्फा औषध चालते असे दाखवले. १९४८ साली ऑरिओमायसिन आले. ज्या लेडर्ली प्रयोगशाळेत ते सापडले तेथील संशोधनाचे सूत्रधार होते आंध्रातून गेलेले येल्लाप्रगडा सुब्बाराव. पाठोपाठ टेरामायसिन आले, आणि टेट्रासायक्लिनची कॅप्सूल फोडून पाण्यात टाकणे ही सहज सुचणारी गोष्ट ठरली.

सहज सुचणारी, पण रसायनशास्त्राच्या दृष्टीने बेभरवशाची. टेट्रासायक्लिन कॅल्शियम आणि मॅग्नेशियमला बांधले जाते. दिल्लीच्या अनेक भागांत बोअरचे पाणी जड असते. अशा पाण्यात टाकलेल्या औषधाचा मोठा भाग माशापर्यंत पोहोचतच नाही. एरिथ्रोमायसिनची अडचण निराळी. ते प्रामुख्याने ग्रॅम-पॉझिटिव्ह जीवाणूंवर चालते, तर पर कुजवणारे बहुतेक ग्रॅम-निगेटिव्ह. शिवाय गाळणीत वसलेले, अमोनियाचे नायट्रेट करणारे उपकारक जीवाणू अशा औषधांनी दुबळे होऊ शकतात. मग अमोनिया वाढतो, आणि ज्या कारणाने रोग आला तेच बळावते. पाण्यात अर्धवट मात्रेत रेंगाळणारे औषध आणखी एक काम करते: त्याला दाद न देणारे जीवाणू निवडून जगवते.

हे केवळ तर्काने सांगितलेले नाही. जपानमध्ये ताकाशी आओकी यांना १९७१ साली माशांतील एरोमोनासमध्ये एका जीवाणूकडून दुसऱ्याकडे जाणारे औषधरोध-घटक आढळले. १९७६ साली एमेट शॉट्स आणि सहकाऱ्यांनी तसेच घटक थेट मत्स्यालयातील मासे आणि पाणी यांतून वेगळे केले. २००९ मध्ये ब्रिटनमधील एका अभ्यासात उष्णकटिबंधीय शोभेचे मासे आणि त्यांच्या पिशव्यांतील पाणी तपासले गेले, तेव्हा एरोमोनासच्या ९४ वाणांपैकी ४७ वाण १५ किंवा अधिक प्रतिजैविकांना पुरून उरले.

दिल्लीच्या नमुन्यांतील एनडीएम-१ मत्स्यालयांतून आले असे त्या शोधनिबंधात कोठेही म्हटलेले नाही, आणि तसे समजणे चूक ठरेल. त्याचा रोख सांडपाण्याकडे आणि अपुऱ्या स्वच्छतेकडे होता. मात्र त्यातील एक निरीक्षण मत्स्यपालकाने आवर्जून वाचावे असे आहे. जनुक वाहणारी प्लाझ्मिडे एका जीवाणूतून दुसऱ्यात जाण्याचे प्रमाण २५ किंवा ३७ अंशांपेक्षा ३० अंश सेल्सियसला अधिक होते. ३७ हे मानवी शरीराचे तापमान. ३० अंश हे उन्हाळ्यात दिल्लीतील घरातल्या काचेच्या पेटीचे असू शकते.

म्हणूनच जाणकार आधी पाणी पाहतात. अमोनिया मोजायचा, दररोज थोडे पाणी बदलायचे, नव्या पाण्यातील क्लोरीन घालवायचे, आजारी मासा वेगळ्या पेटीत ठेवायचा. परांची फक्त कड झिजली असेल तर पुष्कळदा एवढ्यानेच नवे पर फुटतात. रोग परांच्या मुळाशी पोहोचला असेल तर मात्र प्रतिजैविक लागते, आणि ते कोणते हे पशुवैद्यकाने, शक्य तर जीवाणू तपासून, ठरवायचे असते.

जुलै २०१९ मध्ये केंद्रीय आरोग्य मंत्रालयाने कोलिस्टिन या राखीव प्रतिजैविकाचा वापर अन्नासाठी पाळलेली जनावरे, कुक्कुटपालन आणि मत्स्यसंवर्धन यांत बंद केला. अन्नसुरक्षेचे नियमही खाल्ल्या जाणाऱ्या माशात औषधाचा अंश किती उरतो ते पाहतात. शोभेचा मासा कोणी खात नाही. त्याच्या पेटीतले औषधमिश्रित पाणी मोरीतून गटारात जाते.