बॉयलरपासून डोंग्यापर्यंत : नावेच्या परवान्याची कुळकथा

राजूरची ओळख कोळशाची आणि चुनाभट्ट्यांची. वणी तालुक्यातल्या या गावात मोटारबोटीच्या परवान्याचा विषय काढला, तर लोक मुंबई-कोकणचं नाव सांगतील. पण याच तालुक्याच्या कडेने वर्धा वाहते, जुगादजवळ पैनगंगा तिला मिळते, आणि दीडशे वर्षांपूर्वी या नदीमार्गाने आगबोटी चालवायचा सरकारी बेत होता.

बेत इंग्रज अभियंते आर्थर कॉटन यांचा. नागपूर-वऱ्हाडचा कापूस वर्धा, प्राणहिता आणि गोदावरी अशा मार्गाने थेट पूर्व किनाऱ्यावर न्यायचा. वाटेत खडकांचे तीन मोठे अडसर होते. ते चुकवण्यासाठी बंधारे आणि कालव्यांची कामं सुरूही झाली. पण 1867 मध्ये आगगाडी नागपूरला पोचली आणि कापूस रुळांवरून मुंबईला जाऊ लागला. 1871 मध्ये नदीची कामं सोडून दिली गेली. वर्धेवर उरला तो डोंगा, आणि डोंगा हाकायला कोणाचा कागद लागत नव्हता.

कागद आला तो वाफेमुळे. इंग्लंडात 1850 च्या कायद्याने परदेशी जाणाऱ्या जहाजांच्या कप्तानांना परीक्षा देऊन दाखला घेणं भाग पाडलं. जे आधीपासून कप्तानकी करत होते, त्यांना नोकरीच्या अनुभवावर दाखला मिळाला. हिंदुस्थानच्या नद्यांसाठी 1884 मध्ये अंतर्देशीय आगबोटींचा कायदा झाला, आणि 1917 च्या कायद्याने त्याची जागा घेतली. त्यातली दाखल्यांची उतरंड पाहण्यासारखी आहे. वर सुकाणूची माणसं : पहिल्या आणि दुसऱ्या वर्गाचा मास्टर, सारंग. खाली यंत्राची माणसं : इंजिनिअर आणि इंजिन ड्रायव्हर. ही विभागणी आगबोटीच्या रचनेतूनच आली. बॉयलरपाशी उभ्या माणसाला नदी दिसत नाही, आणि सुकाणूवरच्या माणसाला वाफेचा दाब दिसत नाही.

ही विभागणी मोडली एका लहान यंत्राने. अमेरिकेत ओले एव्हिन्रूड यांनी 1909 च्या सुमारास नावेच्या मागच्या फळीला अडकवायची मोटर बाजारात आणली. एकाच हातात वेगही आला आणि दिशाही. सहलीची मोटारबोट सामान्यांच्या आवाक्यात आली ती या मोटरमुळे. आपल्या कायद्याच्या नावातली ‘वाफ’ मात्र 1977 मध्ये गेली.

मौजेच्या बोटींचं शिक्षण ही तर अलीकडची गोष्ट. गोव्यातली राष्ट्रीय जलक्रीडा संस्था 1990 मधली. तिथे पॉवरबोट हाताळणीबरोबर बुडणाऱ्याला वाचवण्याचं तंत्रही शिकवतात, आणि हीच जोडी योग्य आहे. मोटर चालू करणं कोणीही शिकतो. माणूस पाण्यात पडल्यावर बोट त्याच्यापर्यंत कशी न्यायची, पंखा कधी थांबवायचा, हे शिकवावंच लागतं. महाराष्ट्रात या क्षेत्राचा कारभार मेरिटाइम बोर्डाकडे आहे.

इतकं होऊनही एक पोकळी राहिली होती. दाखल्याचा सगळा इतिहास यंत्राभोवती फिरला, त्यामुळे वल्ह्याची नाव या कायद्याच्या बाहेरच होती. ऑगस्ट 2021 मध्ये राष्ट्रपतींची मंजुरी मिळालेल्या नव्या अंतर्देशीय जहाज कायद्याने प्रथमच बिनमोटरच्या नावांसाठी वेगळं प्रकरण घातलं आणि त्यांच्या नोंदणीची वाट स्थानिक स्वराज्य संस्थांपर्यंत नेली. पुढच्याच महिन्यात, 14 सप्टेंबर 2021 रोजी, अमरावती जिल्ह्यात झुंजजवळ वर्धेत नाव उलटली आणि 11 जण बुडाले. नदी तीच, राजूरच्या लोकांची. कायद्याची अंमलबजावणी जून 2022 मध्ये सुरू झाली.

2016 च्या राष्ट्रीय जलमार्गांच्या यादीतही पैनगंगा-वर्धा आहे. जहाजं येतील तेव्हा येतील; माणसं आजही नावेतून पलीकडे जातात. म्हणून काठच्या ग्रामपंचायतींनी मोठ्या योजनेची वाट पाहू नये. गावातल्या प्रत्येक नावेची नोंद घ्यावी, किती माणसं बसवायची तो आकडा तिच्या बाजूवर ठळक रंगवावा, आणि माणसांइतकी जीवरक्षक जाकिटं असल्याशिवाय ती सोडू देऊ नये. आणि संगमावरच्या वढ्याच्या यात्रेला किंवा धरणावर सहलीला जाणाऱ्या वाचकांनो, बोटीत पाय ठेवण्याआधी चालवणाऱ्याला त्याचा दाखला विचारा.